तपासण्या नॉर्मल, तरी नीट दिसत नाही: डोळ्यांवर परिणाम करणारा एफएनडी (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

मी ऑप्टोमेट्रिस्ट आहे. नंबर काढणं, फील्ड टेस्ट घेणं, तिरळेपणा मोजणं हे माझं रोजचं काम. फंक्शनल न्यूरॉलॉजिकल डिसऑर्डर (मेंदूची रचना शाबूत, पण त्याच्या कामात बिघाड), म्हणजे डॉक्टरांच्या बोलण्यातला एफएनडी, डोळ्यांपर्यंत पोचला की पेशंट आणि नातेवाईक जे विचारतात ते इथे एकत्र केलं आहे. निदान आणि औषधं डॉक्टरांकडूनच घ्यायची. पण त्यांच्यासमोर बसण्याआधी आणि उठल्यानंतर मनात जे राहतं, त्याचं उत्तर कुठेतरी लिहिलेलं असायला हवं, म्हणून हे पान.

डोळ्यांचे सगळे रिपोर्ट नॉर्मल आहेत. मग दिसत का नाही?

कारण दिसणं हे एकट्या डोळ्याचं काम नाही. डोळ्याच्या मागच्या पडद्यावर चित्र उमटतं, नस ते मेंदूकडे नेते, आणि खरं काम तिथून पुढे सुरू होतं. कशाकडे लक्ष द्यायचं, काय गाळायचं, दोन्ही डोळे एकाच जागी कसे आणायचे, हे सगळं मेंदू ठरवतो. ओसीटी हे स्कॅन पडद्याच्या थरांची जाडी दाखवतं, एमआरआय मेंदूची रचना दाखवतो. चालू असलेलं काम कुठे अडलंय हे त्या चित्रात उमटत नाही. सतार धड असते, तारही तुटलेली नसते, तरी सूर उतरलेले असतात, तसं काहीसं. अशा वेळी सतारीचे कितीही फोटो काढले तरी बिघाड सापडत नाही.

मेंदू आपल्यापासून काय काय लपवू शकतो हे पाहायचं असेल तर आरशासमोर उभे राहा. आधी स्वतःच्या डाव्या डोळ्यात बघा, मग उजव्या, परत डाव्या. डोळे हलताना तुम्हाला एकदाही दिसणार नाहीत. शेजारी उभ्या असलेल्या माणसाला मात्र ते स्पष्ट दिसतात. नजर उडी मारते तेवढा क्षण मेंदू चित्र दाबून टाकतो, आणि हे प्रत्येकाच्या बाबतीत दिवसभर चालू असतं. एफएनडीत असंच काहीसं दाबलं जाणं नको तिथे घडतं, आणि माणसाच्या हुकमाबाहेर घडतं.

म्हणजे पेशंट नाटक करतोय का?

नाही. हा प्रश्न बहुतेक वेळा पेशंटला खोलीबाहेर पाठवून, दबक्या आवाजात विचारला जातो, म्हणून त्याचं उत्तर मी मोठ्यानं देते. एफएनडीतली लक्षणं माणूस मुद्दाम आणत नाही. मुद्दाम केलेलं सोंग वेगळं, ते ओळखण्याच्या पद्धतीही वेगळ्या. सोंग घेणारा माणूस बहुधा तपासणी टाळतो. एफएनडीचा पेशंट फाइलींची पिशवी घेऊन पाचव्या डॉक्टरांकडे आलेला असतो, कारण काय होतंय हे त्याला स्वतःला समजून घ्यायचं असतं.

जर्मनीतल्या एका स्त्रीची नोंद २०१५ साली प्रसिद्ध झाली. अपघातानंतर तिला अंध ठरवलं गेलं होतं. पुढे मानसोपचार चालू असताना तिच्या काही मनोवस्थांमध्ये दृष्टी परत आली. ती 'पाहत' असताना मेंदूपर्यंतचे संदेश टिपणारी व्हीईपी तपासणी नॉर्मल यायची, आणि 'न दिसण्याच्या' अवस्थेत आलेखावर लाटच उमटायची नाही. हे उदाहरण अगदी विरळ आहे, सगळ्यांना लागू पडणारं नाही. पण 'मनाचे खेळ' म्हणून हात झटकणाऱ्यांनी त्याचा जरूर विचार करावा.

डोळ्यांच्या बाबतीत कोणकोणती लक्षणं दिसतात?

धूसर दिसणं, एका किंवा दोन्ही डोळ्यांनी अचानक दिसेनासं होणं, नळीतून पाहिल्यासारखं फक्त मधलं दिसणं, दोन-दोन दिसणं, उजेड अजिबात सहन न होणं. ही दृष्टीची लक्षणं झाली. डोळ्यांच्या हालचालीत डोळे आत वळून अडकणं, थरथरणं, पापणी न उघडणं किंवा गच्च मिटून राहणं ही जास्त दिसतात. कित्येकांना सोबत मायग्रेन, हातापायात अशक्तपणा, मुंग्या, झटके किंवा प्रचंड थकवा असतो. लक्षण कमीजास्त होत राहतं. सकाळी वाचता येतं, दुपारी येत नाही. घरचे नेमकं यावरच बोट ठेवतात आणि म्हणतात, 'काल तर दिसत होतं!' असं बदलत राहणं हाच या आजाराचा स्वभाव आहे.

हे खूप दुर्मीळ आहे का? आम्ही तर नावही ऐकलं नव्हतं.

दुर्मीळ नाही. स्कॉटलंडमधल्या न्यूरॉलॉजी ओपीडींच्या एका मोठ्या पाहणीत नव्याने येणाऱ्या पेशंटमध्ये डोकेदुखीच्या खालोखाल फंक्शनल लक्षणांचेच पेशंट होते. नाव कानावर येत नाही याचं कारण पेशंटला ते सांगितलंच जात नाही. फाइलवर 'एनएडी' (काही दोष आढळला नाही) लिहून, हातात व्हिटॅमिनच्या गोळ्या देऊन त्याची पाठवणी होते.

सगळं नॉर्मल आलं म्हणून एफएनडी म्हणायचं, असंच ना?

असं करणं चूक आहे, आणि या पानावरची एकच गोष्ट लक्षात ठेवायची तर ही ठेवा. एफएनडीचं निदान तपासणीत सापडलेल्या ठोस खुणांवरून होतं. 'काहीच सापडलं नाही' हे निदान होऊ शकत नाही. अमेरिकन मानसोपचार संघटनेच्या २०१३ च्या डीएसएम-५ या निकषग्रंथानेही हेच धरलं, आणि त्याच वेळी 'आयुष्यात काहीतरी ताण असायलाच हवा' ही जुनी अटही काढून टाकली.

डोळ्यांच्या खोलीत या खुणा कशा शोधतात ते थोडं सविस्तर सांगते.

समजा पेशंट म्हणतो, 'मला फक्त मधलं दिसतं, बाजूचं काहीच नाही.' मी त्याला काळ्या पडद्यासमोर एक मीटरवर बसवते, पांढरा ठिपका कडेकडून आत आणते आणि दिसला की सांगायला लावते. वर्तुळाची रुंदी मांडून घेते. मग खुर्ची मागे सरकवून दोन मीटरवर नेते आणि ठिपकाही दुप्पट मोठा घेते. काचबिंदूने किंवा पडद्याच्या आजाराने दृष्टिक्षेत्र आकसलं असेल तर अंतर दुप्पट झाल्यावर पडद्यावरचं वर्तुळही साधारण दुप्पट रुंद व्हायला हवं, कारण नजर शंकूसारखी पसरते. फंक्शनल प्रकारात वर्तुळ तेवढंच राहतं, अगदी पाइपातून पाहिल्यासारखं. प्रकाशाच्या नियमांत हे बसत नाही. डोळ्यातला कोणताही बिघाड असं वर्तुळ देऊ शकत नाही.

एका डोळ्याने दिसत नसेल तर ट्रायल फ्रेम (तपासणीची चष्म्याची चौकट) घालून चांगल्या डोळ्यासमोर जाड प्लस भिंग सरकवतात, म्हणजे तो धूसर होतो. दोन्ही डोळे उघडे ठेवून पेशंट वाचत जातो, आणि ज्या ओळीपर्यंत तो पोचतो ती 'न दिसणाऱ्या' डोळ्याने वाचलेली असते. पोलराइज्ड चष्मा लावून माशीचं मोठं चित्र दाखवतात. तिचे पंख वर आलेले दिसले आणि पुढची बारीक वर्तुळंही ओळखता आली, तर दोन्ही डोळे चांगलं काम करताहेत. पट्ट्यापट्ट्यांचा ड्रम फिरवतात किंवा चेहऱ्यासमोर मोठा आरसा हलवतात. काहीही न दिसणाऱ्या माणसाचे डोळे पट्ट्यांमागे किंवा स्वतःच्या प्रतिबिंबामागे जात नाहीत. तक्ता वाचून घेतानाही सगळ्यात खालच्या, बारीक ओळीपासून सुरुवात करून हळूहळू वर जातात. एरवी ६/६० वर, म्हणजे तक्त्याच्या सगळ्यात वरच्या मोठ्या अक्षरावर, अडकलेली नजर अशा वेळी कितीतरी खालच्या ओळींपर्यंत पोचते.

यातली कुठलीही एक चाचणी पुरेशी नसते. दोन-तीन वेगळ्या खुणा एकाच दिशेने बोट दाखवू लागल्या की डॉक्टर निदान करतात.

या चाचण्या म्हणजे पेशंटला पकडण्यासाठी लावलेला सापळा आहे असं वाटतं.

ज्या पद्धतीने त्या अनेक ठिकाणी केल्या जातात, त्यावरून तसं वाटणं साहजिक आहे. भिंगाची चाचणी करायची, डॉक्टरांनी एकमेकांकडे पाहून मान हलवायची आणि पेशंटला काहीच सांगायचं नाही, हे मला अजिबात पटत नाही. त्याच चाचणीचा निकाल पेशंटसमोर उघडून ठेवला तर तिथूनच उपचार सुरू होतो. 'ताई, आत्ता तुम्ही जी ओळ वाचलीत ना, ती याच उजव्या डोळ्याने वाचलीत. हा बघा, डावा डोळा मी धूसर केला होता. म्हणजे तुमची नस आणि पडदा शाबूत आहेत. मेंदू त्या डोळ्याचं चित्र वापरत नाहीये, आणि तो ते पुन्हा वापरायला लागू शकतो.' हे ऐकताना काहींच्या डोळ्यांत पाणी येतं, काहींना राग येतो. दोन्ही साहजिकच. मात्र आता आपल्याला नक्की काय झालंय हे त्यांना पहिल्यांदाच कळलेलं असतं. हातापायांच्या एफएनडीत पेशंटला त्याच्याच खुणा दाखवण्याची ही पद्धत एडिंबराचे न्यूरॉलॉजिस्ट जॉन स्टोन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आग्रहाने मांडली. डोळ्यांच्या बाबतीत ती तितकीच उपयोगी पडते.

डोळे आत वळतात आणि दोन-दोन दिसतं. एकाने नस गेली म्हणून सांगितलं, दुसऱ्याने काही नाही म्हणून.

हा बहुधा कन्व्हर्जन्स स्पाझम असतो. डोळ्यांच्या फंक्शनल हालचालींमध्ये तो नेहमी आढळतो आणि चकवतोही. आपण जवळचं वाचतो तेव्हा तीन गोष्टी एकदम होतात. दोन्ही डोळे आत वळतात, बाहुल्या बारीक होतात आणि डोळ्यातलं भिंग फुगतं. स्पाझममध्ये समोर जवळचं काही नसतानाही ही तिकडी चालू होते आणि अडकून बसते. दूरचं धूसर दिसतं, दोन दिसतं, कपाळ दुखतं.

बाहेर बघायला सांगितलं की डोळा मध्येच थांबतो, म्हणून तो सहाव्या नसेचा (डोळा बाहेर वळवणाऱ्या नसेचा) लकवा वाटतो. फरक बाहुलीत असतो. पेशंटला 'डावीकडे बघा' म्हणायचं आणि बाहुलीवर लक्ष ठेवायचं. नसेच्या लकव्यात डोळा बाहेर जात नाही, पण बाहुलीचा आकार तसाच राहतो. स्पाझममध्ये डोळा अडकतो त्याच क्षणी बाहुली टाचणीच्या डोक्याएवढी होते. मग एक डोळा हाताने झाकायचा आणि दुसऱ्याला पुन्हा डावीकडे बघायला सांगायचं. आता तोच डोळा सरळ कोपऱ्यापर्यंत जातो. ज्या स्नायूला लकवा झालाय तो झाकल्याने बरा होत नाही.

या स्पाझममुळे खोटा मायनस नंबरही दिसतो. तीन महिन्यांत तीन चष्मे झाले आणि प्रत्येक वेळी मायनस वाढला, असं कुणी सांगितलं की मला हीच शंका येते. बाहुली मोठी करणारे थेंब घालून नंबर पुन्हा काढला तर तो बराचसा नाहीसा होतो. त्यामुळे थेंब न घालता काढलेल्या नंबरावर अशा पेशंटला चष्मा देऊ नये. डोक्याला मार लागल्यावर किंवा मेंदूच्या काही आजारांतही असा स्पाझम क्वचित होतो, म्हणून न्यूरॉलॉजिस्टना दाखवणं टाळू नका.

डोळे आपोआप थरथरतात. हा निस्टॅग्मस आहे का?

फंक्शनल थरथर बारीक आणि फार वेगवान असते. ती बहुधा आडवी असते, काही सेकंदांच्या झटक्यांत येते, आणि सलग अर्ध्या मिनिटाच्या आसपास टिकवणंही डोळ्यांना जमत नाही. सोबत पापण्या किलकिल्या होतात. काही निरोगी माणसांना अशी थरथर मनात आणून करता येते. जन्मजात किंवा मेंदूच्या आजारातला निस्टॅग्मस असा थकून थांबत नाही. तरीही नव्याने सुरू झालेल्या थरथरीचं निदान घरी करू नका. दिसायला अशाच असणाऱ्या काही हालचाली गंभीर आजारांत येतात, आणि त्या ओळखायला अनुभवी नजर लागते. थरथर चालू असताना मोबाइलवर जवळून व्हिडिओ काढून ठेवा. दवाखान्यात ती हमखास थांबलेली असते.

डोळे वर चढले आणि मान वाकडी झाली. हेही एफएनडीच का?

आधी एक गोष्ट आठवा: गेल्या दोन-तीन दिवसांत उलटीसाठी इंजेक्शन किंवा गोळी घेतली होती का? मेटोक्लोप्रमाइडसारखं उलटीचं औषध किंवा हॅलोपेरिडॉलसारखं मानसिक आजाराचं औषध काही जणांना, विशेषतः तरुणांना, असं करतं. डोळे वर खेचले जातात, जबडा किंवा मान वळते, पेशंट पूर्ण शुद्धीत आणि घाबरलेला असतो. हा औषधाचा दुष्परिणाम आहे. योग्य इंजेक्शन दिलं की थोड्याच वेळात उतरतो. अशा पेशंटला 'अंगात आलंय' म्हणून बसवून ठेवणं आणि 'नाटक आहे' म्हणून घरी पाठवणं, दोन्ही सारखंच अन्यायाचं आहे.

एक पापणी पडलेली आहे. फंक्शनल आहे हे कसं ओळखतात?

भुवईवरून. पापणी खरोखर उतरलेली असेल तर माणूस कपाळाला आठ्या घालून भुवई वर ओढतो, म्हणजे थोडं तरी दिसेल. फंक्शनल प्रकारात उलट होतं. त्या बाजूची भुवई खाली आलेली असते, कारण डोळा मिटणारा स्नायू आवळलेला असतो. मायस्थेनिया ग्रॅव्हिस (नसेचा संदेश स्नायूपर्यंत नीट न पोचण्याचा आजार) मात्र आधी नीट तपासायला हवा. त्यातही पापणी दिवसभरात कमीजास्त पडते, दोन-दोन दिसतं, आणि तो लवकर ओळखला तर उपचार आहेत.

दोन्ही डोळे गच्च मिटण्याच्या ब्लेफरोस्पाझमचं उदाहरण सगळ्यांनी लक्षात ठेवण्यासारखं आहे. एकेकाळी तो मानसिक समजला जायचा. आज तो डिस्टोनियाचा (स्नायू आपोआप आवळले जाण्याच्या आजाराचा) प्रकार मानतात आणि बोटॉक्सच्या इंजेक्शनने पुष्कळांना आराम पडतो. त्याचं फंक्शनल रूपही असतं, पण ते ठरवताना घाई नको.

झटका येतो तेव्हा डोळे मिटलेले असतात. याला काही अर्थ आहे?

बराच अर्थ आहे. अपस्माराच्या मोठ्या झटक्यात डोळे बहुधा उघडे असतात. फंक्शनल झटक्यात ते मिटलेले असतात, आणि उघडायला गेलं तर पापण्या विरोध करतात. डॉक्टरांना तोंडी वर्णनापेक्षा व्हिडिओ दाखवा, चेहरा दिसेल असा. झटका चालू असताना कांदा-चप्पल हुंगवू नका, हातात किल्ल्या कोंबू नका, दातांत चमचा घालू नका. कुशीवर वळवा, आजूबाजूच्या टोकदार वस्तू बाजूला करा आणि वेळ बघा. देवऋषीकडे नेऊन मारहाण, चटके, उपाशी ठेवणं असले अघोरी प्रकार महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहेत.

मॉलमध्ये, बाजारात, मोबाइल स्क्रोल करताना गरगरतं. कान तपासले, डोळे तपासले, काही नाही.

तीन महिन्यांहून जास्त काळ, बहुतेक दिवस असं होत असेल तर पीपीपीडी या रेंगाळणाऱ्या चक्करेच्या आजाराबद्दल विचारा. २०१७ साली बारानी सोसायटीने (चक्कर आणि तोल यांवर काम करणाऱ्या आंतरराष्ट्रीय संस्थेने) त्याचे निकष ठरवले. सुरुवात बहुधा खऱ्या चक्करेच्या आजाराने होते: कानातला बिघाड, मायग्रेन, कधी एखादा पॅनिक अटॅक. मूळ कारण जातं, पण तोल सांभाळायला मेंदू कानावर आणि पायांवर भरवसा ठेवण्याऐवजी डोळ्यांवर नको इतका विसंबायला लागतो. म्हणून डोळ्यांसमोर खूप काही हलायला लागलं की जमीन हलते. दादर स्टेशनच्या पुलावर संध्याकाळी सहा वाजता उभं राहणं अशा माणसाला किती जड जातं, याची इतरांना कल्पना येत नाही.

यावर टप्प्याटप्प्याने केलेले व्हेस्टिब्युलर (तोल सांभाळण्याचे) व्यायाम, काहींना एसएसआरआय गटातली, एरवी नैराश्य-चिंतेवर दिली जाणारी औषधं आणि वर्तन-उपचार यांचा उपयोग होतो. सिनॅरिझिन, प्रोक्लोरपेराझिन अशा चक्कर दाबणाऱ्या गोळ्या महिनोन्महिने चालू ठेवणं मात्र घातक. मेंदूला नव्याने जुळवून घ्यायला त्या आड येतात, आणि वयस्कर माणसांत कंपवातासारखी लक्षणंही आणू शकतात.

शाळेतल्या मुलीला अचानक फळा दिसेनासा झाला. चष्म्यानेही फरक नाही.

साधारण आठ ते चौदा वर्षांच्या मुलांमध्ये फंक्शनल दृष्टिदोष बऱ्याचदा दिसतो, मुलींमध्ये जरा जास्त. मागे कधी परीक्षा असते, कधी शाळेत कुणी त्रास देत असतं, कधी घरातलं भांडण, आणि कधी काहीही सापडत नाही. मुलीला उलटतपासणीला बसवू नका. 'खरं सांग, दिसतंय ना?' हे वाक्य घरात कुणाच्याही तोंडून येऊ देऊ नका. नीट तपासणी झाल्यावर डॉक्टरांनी तिलाच, तिच्या भाषेत सांगावं की डोळे चांगले आहेत आणि दिसणं परत येणार आहे. पुष्कळ मुलं काही आठवड्यांत किंवा महिन्यांत बरी होतात. शाळा बंद करू नका. पुढच्या बाकावर बसवा, मोठ्या अक्षरातल्या नोट्स द्या, वर्गशिक्षकांना विश्वासात घ्या. त्रास कोण देतंय हे शोधायचं असेल तर ते मुलीला न दुखावता, वेगळ्या वेळी शोधा.

मुलांत हुकणारे खरे आजारही आहेत. स्टारगार्ट या पडद्याच्या आनुवंशिक आजारात सुरुवातीला पडदा जवळजवळ नॉर्मल दिसतो, आणि कित्येक मुलांवर 'बहाणा करतो' असा शिक्का आधी बसतो. ओसीटी आणि ईआरजी (पडद्याच्या विद्युत प्रतिसादाची तपासणी) त्यासाठीच करतात.

हे टेन्शनमुळेच होतं ना?

काहींना ताण असतो, काहींना आघाताचा मोठा इतिहास असतो, आणि काहींना यातलं काहीच नसतं. सुरुवात पुष्कळदा शरीरातूनही होते. डोळे येतात, डोळ्याला मार लागतो, मायग्रेनमध्ये अर्ध्या भागाचं दिसेनासं होतं. मूळ दुखणं बरं होतं, पण मेंदूने 'या डोळ्याने दिसत नाही' असा अंदाज धरून ठेवलेला असतो. लक्ष सतत त्या डोळ्याकडे लागतं, आणि लक्ष जितकं जास्त तितका अंदाज पक्का होत जातो. म्हणून पेशंटला कोपऱ्यात घेऊन 'घरी काय प्रॉब्लेम आहे?' असं खोदून विचारण्याने फारसं हाती लागत नाही.

याला हिस्टेरियाच म्हणायचे ना पूर्वी?

हो. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी पॅरिसच्या साल्पेत्रिएर रुग्णालयात जाँ-मार्तँ शार्को यांनी आकसलेल्या दृष्टिक्षेत्राची नोंद या आजाराची खूण म्हणून केली होती. पूर्वापार बायकांचा समजला जाणारा हा आजार, फ्रॉइडने 'कन्व्हर्जन' ही कल्पना मांडल्यावर, मनात दडपलेल्या गोष्टींचाही ठरला. पहिल्या महायुद्धात धडधाकट सैनिक दृष्टी गमावून परतले, तरी तो शिक्का पुसला गेला नाही. पुरुषांनाही हा आजार होतो. फाइलवर आजही 'हिस्टेरिकल' असं लिहिलेलं दिसलं तर तुम्ही शांतपणे हरकत घ्यावी असं मला वाटतं.

निदान चुकलं असेल तर?

यावरच्या अभ्यासांचा एकत्रित आढावा २००५ साली प्रसिद्ध झाला. त्यात १९७० नंतर फंक्शनल म्हणून निदान केलेल्यांपैकी साधारण ४ टक्के जणांना पुढे दुसराच आजार निघाला. कितीतरी इतर न्यूरॉलॉजिकल निदानं याहून फार अचूक नसतात. पण त्या ४ टक्क्यांमधल्या माणसाला टक्केवारीचा काय उपयोग? म्हणून डोळ्यांच्या बाबतीत डॉक्टर ऑप्टिक न्यूरायटिस (डोळ्याच्या नसेची सूज), केराटोकोनस (डोळ्याच्या समोरचा पारदर्शक भाग शंकूसारखा होणं), लेबर या आनुवंशिक नसेच्या आजाराची सुरुवात, मेंदूच्या मागच्या भागाचे आजार हे सगळं डोळ्यासमोर ठेवतात. दोन्ही एकत्र असणंही शक्य आहे. डोक्यातला दाब वाढलेल्या पेशंटला त्यावर फंक्शनल दृष्टिदोषही होऊ शकतो, आणि तेव्हा दोन्हींचे उपचार करावे लागतात. व्हीईपीवर सगळी भिस्त ठेवू नये. पेशंटने नजर स्थिर ठेवली नाही तर ती बिघडलेली येऊ शकते. ती नॉर्मल आली तर आधार मिळतो, बिघडली म्हणून नस गेली असं होत नाही.

उपचार काय? औषध आहे का?

एफएनडीवर खास अशी गोळी नाही. नीट समजावून सांगणं ही पहिली पायरी, आणि ती दोन मिनिटांत होत नाही. पुढचं लक्षणावर अवलंबून. स्पाझममध्ये काही आठवडे बाहुली मोठी करणारे थेंब, जवळच्या कामासाठी प्लस चष्मा आणि नजर सैल सोडण्याचा सराव. दृष्टी कमी असेल तर ती आपोआप वापरली जाईल अशी कामं: चेंडू झेलणं, निवडणं-टिपणं, चालताना दुकानांच्या पाट्या सहज टिपणं. 'दिसतंय का बघू' म्हणून दर तासाला डोळा झाकून तपासत बसणं बंद करायचं. मायग्रेन, झोप, नैराश्य, चिंता यांवरचे उपचार सोबत चालू हवेत. नजरेच्या एफएनडीवरचे मोठे अभ्यास अजून फार थोडे आहेत. फंक्शनल झटक्यांवर वर्तन-उपचाराचा ३६८ जणांचा ब्रिटिश अभ्यास २०२० मध्ये आला. त्यात झटक्यांची संख्या ठळकपणे कमी झाली नाही, पण रोजचं जगणं आणि मनाची स्थिती यांत सुधारणा दिसली.

काळा गॉगल घरातही लावला तर चालेल?

शक्यतो नको. सतत अंधारात राहिलेला डोळा उजेडाला आणखी हळवा होतो. उन्हात जरूर लावा. घरात तो हळूहळू कमी करा, आधी हलक्या रंगाचा, मग फक्त काही वेळ. एक डोळा कायम पट्टीने झाकून ठेवणंही असंच नुकसानीचं.

मानसोपचारतज्ज्ञांकडे पाठवलं. म्हणजे डोक्यात फरक आहे?

डोळ्यांचे डॉक्टर 'आमच्याकडे काही नाही, सायकियाट्रिस्टकडे जा' एवढंच म्हणाले असतील तर तुमचा राग योग्य आहे. मात्र लक्ष, भीती आणि शरीराकडून येणारे संदेश यांवर काम करण्याचं शिक्षण त्याच मंडळींकडे असतं, म्हणून त्यांची मदत घ्या. डोळ्यांच्या आणि न्यूरॉलॉजीच्या डॉक्टरांची फेरतपासणीही चालू राहू द्या. जवळ कुणी नसेल तर सरकारची टेलि-मानस सेवा १४४१६ या क्रमांकावर आहे, मराठीत बोलता येतं. आणि विमा कंपनी मानसिक आजाराचा दावा म्हणून टाळाटाळ करत असेल तर २०१७ चा मानसिक आरोग्य कायदा दाखवा. शारीरिक आजाराइतकंच संरक्षण मानसिक आजाराला द्यावं लागतं.

गाडी चालवावी का? नोकरीचं आणि प्रमाणपत्राचं काय?

दिसण्यात अडचण, दोन-दोन दिसणं किंवा झटके आहेत तोवर गाडी चालवू नका, दुचाकीसुद्धा. डॉक्टरांनी लेखी सांगितल्यावरच सुरू करा. नोकरीत पूर्ण रजेपेक्षा कमी तास, मोठा मॉनिटर, मधे मधे विश्रांती यांचा जास्त फायदा होतो. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या २१ प्रकारांत एफएनडीचं स्वतंत्र नाव नाही, त्यामुळे प्रमाणपत्राचा मार्ग अवघड आहे. जी माणसं खरोखर काम करू शकत नाहीत त्यांच्यावर हा अन्याय आहे असं माझं मत आहे.

बरं होतं का?

मुलांमध्ये बहुतेकदा होतं. मोठ्यांमध्ये काही पूर्ण बरे होतात, काहींचं लक्षण येत-जात राहतं, काहींचं टिकून राहतं. आजार लवकर ओळखला गेला आणि पेशंटला निदान पटलं तर शक्यता चांगली असते. वर्षानुवर्षं डॉक्टर बदलत राहिलं तर ती घटते.

निदान झाल्यावर पुन्हा तातडीने कधी दाखवावं?

डोळा हलवताना दुखतो आणि रंग फिके दिसतात, डोळ्यासमोर पडदा उतरल्यासारखं होतं, विजेसारखे चमकारे आणि नवे काळे ठिपके दिसतात, दोन बाहुल्या लहानमोठ्या झाल्या, आयुष्यात पहिल्यांदाच इतकं भयंकर डोकं दुखतंय, चेहरा किंवा हातपाय एका बाजूने लुळे पडले, गिळायला किंवा श्वासाला त्रास होतोय, साठी ओलांडलेल्या माणसाला कानशिलं दुखून अचानक दिसेनासं झालं. यातलं काहीही झालं तर त्याच दिवशी मोठ्या रुग्णालयात जा. तिथे एफएनडीचं निदान लपवू नका, पण 'हे त्याचंच असेल' असं कुणी न तपासता म्हणालं तर ऐकून परत येऊ नका. जुनी फाइल, चष्म्याच्या नंबरांचे कागद आणि मोबाइलमधले व्हिडिओ सोबत न्या, आणि नवीन लक्षण नेमकं किती वाजता सुरू झालं ते लिहून ठेवा.